कंडक्टरला नाव होते

मा. संपादक,
स.न.

कालच्या रविवार पुरवणीतला युगोस्लाव्ह सिनेमावरचा लेख वाचला. लेखकाचा व्यासंग मोठा आहे, त्याबद्दल तक्रार नाही. पण 'को तो तामो पेवा'चे छायाचित्र तीन कॉलम छापून खाली नुसते 'चित्रपटातील एक दृश्य'? त्यातला धिप्पाड कंडक्टर म्हणजे नट पावले वुइसिच. पानभर मजकुरात दिग्दर्शकांची नावे भरपूर आहेत, त्याचे एकदाही नाही.

१९८० सालचा हा चित्रपट. ५ एप्रिल १९४१, बेलग्रेडवर जर्मन बॉम्ब पडण्याच्या आदल्या दिवशी तिकडे निघालेली खटारा बस. हा कंडक्टर प्रवाशांकडून पैसे उकळतो, बसमध्ये डुकरे भरतो, पैजेसाठी पोटच्या पोराच्या डोळ्यांवर पट्टी बांधून त्याला गाडी हाकायला लावतो. तरी त्याचा तिरस्कार वाटत नाही. वुइसिच एकदाही प्रेक्षकाला हसवायला म्हणून काही करत नाही; आपल्या एसटीच्या मुक्कामी गाडीवर वर्षानुवर्षे ड्युटी केलेल्या माणसासारखा तो नुसता तिथे असतो. असा अभिनय ओळखून त्याबद्दल लिहायला समीक्षकच लागतो, आणि तोच गप्प बसला याचा मला राग आहे.

हा राग जुना आहे. पुण्यातल्या एका फिल्म सोसायटीत मी हा चित्रपट प्रथम पाहिला. हातात दिलेल्या सायक्लोस्टाइल कागदावर दिग्दर्शक, देश, साल, लांबी सगळे होते, नट एकही नाही. खेळ संपल्यावर आयोजकांना विचारले, तर म्हणाले, "अहो, ही नावं कोण लक्षात ठेवतं?" पुढे दिग्दर्शक कुस्तुरिकाच्या, १९८५ साली कान महोत्सवात सर्वोच्च पुरस्कार मिळवणाऱ्या चित्रपटातल्या आजोबांमध्ये तोच चेहरा दिसला, तेव्हा नाव शोधून काढले. तोवर वुइसिच वारलेला होता. १९८८ साली, अवघ्या बासष्टाव्या वर्षी.

त्याच्या देशात मात्र त्याला कुणी विसरलेले नाही. सत्तरच्या दशकात तिथल्या एका टीव्ही मालिकेत त्याने च्काल्या या लाडक्या विनोदी नटाबरोबर ट्रक ड्रायव्हर रंगवला आणि तो घराघरांत पोचला. सर्बियातल्या नीश शहरात अभिनेत्यांसाठीच भरणाऱ्या चित्रपट महोत्सवात १९९४पासून दिला जाणारा जीवनगौरव पुरस्कार त्याच्याच नावाने आहे. हे चार ओळींत मावले असते.

पुढच्या रविवारी त्याच छायाचित्राखाली त्याचे नाव छापावे, ही विनंती. मागच्या पानावरच्या कोपऱ्यात नको, त्याच पानावर.

आणि विषय निघालाच आहे म्हणून: फिल्म क्लबच्या खेळांची माहिती आपण 'शहरात आज'मध्ये देता, पण सकाळी दहाच्या खेळाची बातमी त्याच सकाळी वाचून आमच्यासारख्या उपनगरातल्या माणसाने पोचायचे कसे? ती आदल्या दिवशी येऊ द्या.

आपला,
एक वाचक, पुणे