‘एक चिडिया’च्या पलीकडच्या विजया मुळे

महोदय,
शैक्षणिक चित्रपट करणाऱ्या विजया मुळे यांच्यावरचा बहुतेक मजकूर ‘एक चिडिया’ गाण्याच्या ‘एक अनेक और एकता’ या लघुपटापाशी (१९७४) सुरू होतो आणि तिथेच संपतो. फिल्म्स डिव्हिजनची निर्मिती, भीमसैन यांचे ॲनिमेशन, वसंत देसाई यांचे संगीत, वर राष्ट्रीय पुरस्कार. कौतुक व्हायलाच हवे. पण त्यांचे अधिक अवघड काम टीव्हीवरचे आहे.

१९७५ साली सरकारने त्यांच्याकडे शैक्षणिक तंत्रज्ञान केंद्र सोपवले, ते ‘साइट’ या उपग्रहावरून खेड्यांत शैक्षणिक टीव्ही पोचवण्याच्या प्रयोगासाठी. १ ऑगस्ट १९७५ ते ३१ जुलै १९७६ या काळात ‘नासा’च्या एटीएस-६ उपग्रहावरून सहा राज्यांतल्या सुमारे २४०० खेड्यांत कार्यक्रम थेट उतरत. अँटेना तीन मीटर व्यासाची, कोंबड्यांच्या खुराड्याला लावतात तसल्या जाळीची. महाराष्ट्र त्या सहांत नव्हता. आपल्याकडे हा भाग विस्मरणात गेला तो बहुधा त्यामुळेच.

सकाळचा दीड तास मुलांचा. त्यात हिंदी, कन्नड, ओडिया, तेलुगू यांना प्रत्येकी साडेबावीस मिनिटे. पाच ते बारा वयाची पोरे एकाच टीव्ही संचापुढे, मागे नेऊन पुन्हा दाखवायची सोय नाही, वीज गेली की त्या दिवसाचा पाठ बुडाला. चित्र तेच ठेवून भाषा बदलायची तर कॅमेऱ्याकडे बघून बोलणारा निवेदक अडचणीचा ठरतो. हिंदीत आठ सेकंदांत संपणारे वाक्य तेलुगूत लांबले की ओठ थांबतात आणि आवाज चालूच राहतो. त्यापेक्षा हातांचे क्लोजअप आणि वरून निवेदन बरे. विज्ञानाच्या प्रयोगालाही चंचुपात्र घेतले तर मुले नुसती बघणार. वाटी, पाणी, मेणबत्ती असेल तर घरी करून बघणार. दिग्दर्शनाचा कस लागतो तो इथे.

त्याआधी त्यांनी हुगळी नदीत उलट शिरणाऱ्या भरतीच्या लाटेवर ‘द टायडल बोअर’ हा माहितीपट केला होता. असल्या चित्रीकरणात लाट कॅमेऱ्यासमोरून गेली की गेली. रिटेक पुढच्या भरतीला. पाटणा-दिल्लीतली फिल्म सोसायटी चळवळ, म्हणजे चांगले चित्रपट एकत्र बघण्याच्या मंडळांचे त्यांचे काम, हा आणखी वेगळा विषय.

त्या काळातल्या ॲसिटेट फिल्मला व्हिनेगरसारखा आंबट वास येऊ लागला की ती आक्रसत जाते आणि तिच्या कडेची छिद्रे यंत्राच्या दात्यांवर बसेनाशी होतात. तेव्हा ज्या संस्थांकडे या कार्यक्रमांच्या प्रती असतील, त्यांनी डबे उघडून तपासावेत, आणि स्कॅन करताना श्रेयनामावलीची रिळे वगळू नयेत.

– एक वाचक, पुणे