वकीलताई, त्या पेन्सिलीच्या खुणांबद्दल

आदरणीय वकीलताई,
सप्रेम नमस्कार.

प्रतिस्पर्ध्याने अडवलेल्या आमच्या गाड्या आता न अडता फाटकातून ये-जा करतात. त्याचे आभार तर आहेतच, पण हे पत्र तुमच्या पेन्सिलीसाठी.

आधीच्या वकीलसाहेबांनी केलेली याचिका साठ पानांची होती. गिऱ्हाइकं पळवली, नावाची नक्कल केली, भागीदारी कशी फुटली, सगळं त्यात होतं. आणि शेवटी मागणी काय, तर 'व्यवसायास पोलीस संरक्षण मिळावे'. मुरलीधरन प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 2006 मध्येच सांगून ठेवलंय की, पोलीस संरक्षणाच्या आडून रिटमध्ये, म्हणजे सरकारी यंत्रणेला आदेश द्या म्हणणाऱ्या याचिकेत, दिवाणी हक्काचा निवाडा मागता येत नाही. शिवाय ज्याच्या नावाने एवढी ओरड, त्या प्रतिस्पर्ध्याला पक्षकारच केलं नव्हतं! फी मात्र आगाऊ.

तुम्ही ती साठही पानं वाचलीत आणि समासात पेन्सिलीने पुन्हा पुन्हा एकच प्रश्न लिहीत गेलात : 'इथे हवालदाराने नेमकं करायचं काय?' उत्तर नसलं की वाक्यावर बारीक रेघ. 'धंदा बुडवण्याचा कट' गेला, 'बदनामी' गेली. 'दहशतीचे वातावरण'च्या जागी आलं, 'मागचं फाटक, सकाळी सव्वानऊ, टेम्पो आडवा लावला, चालकाला खाली ओढलं.' साठाची सात पानं झाली. पेन का नाही, असं विचारल्यावर म्हणालात, "तक्रार तुमची आहे. पटलं नाही तर पुसता यायला हवं." आणि खोडरबर पुढे सरकवलात.

पोलिसांना फाटक राखता येतं, बाजार राखता येत नाही, हे तेव्हा कळलं. पोलिसांकडच्या तक्रारीचा क्रमही तुम्हीच बदललात. साधी धमकी भारतीय न्याय संहितेच्या कलम 351(2) खाली अदखलपात्र, म्हणजे न्यायालयाच्या आदेशाशिवाय पोलीस तपास करू शकत नाहीत. ती आधी लिहिली की ठाण्यात एनसी, म्हणजे अदखलपात्र गुन्ह्याची नुसती नोंद, हातात ठेवून बोळवण होते. वाट अडवणं कलम 126(2) खाली दखलपात्र, तिथे पोलीस स्वतःच तपास करू शकतात, म्हणून ते पहिल्या ओळीत. ठाण्याचा शिक्का असलेली पोच घ्यायची, दखल नाही घेतली तर तोच मजकूर पोलीस अधीक्षकांकडे टपालाने. सीसीटीव्हीचं चित्रण लगेच उतरवून घ्यायचं, कारण ते साठवणारं यंत्र, डीव्हीआर, जुन्यावर नवं चढवतो. सोबत इलेक्ट्रॉनिक पुराव्यासाठी लागणारं, भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम 63 चं प्रमाणपत्र.

आणि मुख्य म्हणजे आधी दिवाणी दावा, ये-जा करू देण्यापुरता मनाई हुकूम. प्रतिपक्षाला न ऐकता तो मिळाला, तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 39 नियम 3 प्रमाणे अर्ज, शपथपत्र, दाव्याची प्रत, कागदपत्रं त्याला लगेच पोचती करायची किंवा रजिस्टर्ड पोस्टाने पाठवायची, आणि तसं केल्याचं शपथपत्र त्याच दिवशी, फार तर दुसऱ्या दिवशी दाखल करायचं. इथेच पुष्कळांचा घात होतो. हुकूम मिळाल्याच्या आनंदात हे राहून जातं आणि समोरचा वकील पहिल्याच तारखेला तेवढंच धरून बसतो. तुम्ही पोस्टाच्या पावत्या स्वतः चिकटवल्यात. हुकूम मोडला गेला तेव्हा हुकूम मोडल्याबद्दलच्या कारवाईचा नियम 2-अ चा अर्ज आणि त्याच संहितेच्या कलम 151 खाली पोलीस मदतीची मागणी, दोन्ही तयार होते. हक्क न्यायालयाने आधीच नोंदवलेला असला की ठाण्यालाही 'हा दिवाणी मामला' म्हणून हात झटकता येत नाहीत.

कायदा जाणणारे पुष्कळ आहेत हो. समोरच्याचा संताप हसण्यावारी न नेता बाजूला काढून ठेवणारे फार थोडे. तुम्ही रेघा मारल्यात, पण कुणाला वेड्यात काढलं नाहीत.

ती पानं जपून ठेवली आहेत. खोडरबर एकदाच वापरला, 'कामगार घाबरले आहेत' या वाक्यावरची रेघ पुसायला. त्यावर तुम्ही काहीच बोलला नाहीत. दुसऱ्या दिवशी त्या वाक्याखाली दोन चालकांची शपथपत्रं जोडलेली होती.

आपले कृतज्ञ,
मागच्या फाटकाकडची मंडळी