कर्णबधिरांना हक्काची जागा हवी

महोदय,

मी जन्मतः कर्णबधिर. घरचे सगळे ऐकणारे. जेवताना हशा पिकला की ‘नंतर सांगतो’ एवढंच माझ्या वाट्याला येतं. आमच्या कर्णबधिर मंडळाच्या खोलीत तसं होत नाही. सगळ्यांच्या खुणा दिसाव्यात म्हणून खुर्च्या गोलाकार मांडलेल्या, उजेड भरपूर. सगळ्यांचं लक्ष वेधायचं तर दिव्याची उघडझाप करायची. (निघताना दारातच पुन्हा गप्पा रंगतात, ते वेगळंच!) १८८० मध्ये इटलीतल्या मिलान इथे भरलेल्या कर्णबधिरांच्या शिक्षणविषयक परिषदेने शाळांतून खुणांची भाषा हद्दपार करण्याचा ठराव केला, तेव्हा ती मंडळांनी आणि वसतिगृहांतल्या मुलांनीच टिकवली. आता व्हिडिओ कॉल असताना जागा कशाला, असं विचारतात. पण बहुतेक कर्णबधिर मुलांचे आईवडील ऐकणारे असतात. खुणांतले विनोद, किस्से ही मुलं शिकणार कुणाकडून? रिकामी सार्वजनिक सभागृहं संध्याकाळी आम्हाला नाममात्र भाड्याने द्यावीत.

– एक कर्णबधिर वाचक