निवृत्तांच्या ग्रॅच्युइटीतून वसुली कशासाठी?

मा. संपादक,

विद्यापीठीय कर्मचाऱ्यांच्या निवृत्तिलाभांची चर्चा वर्तमानपत्रांत होते ती बहुधा जुन्या पेन्शनच्या मागणीपुरती. ती मागणी महत्त्वाची आहेच. परंतु ज्या कारणाने विद्यापीठातला वरिष्ठ लिपिक, प्रयोगशाळा सहायक किंवा शिपाई निवृत्तीनंतर उच्च न्यायालयाची पायरी चढतो, ते कारण पुष्कळदा निराळे असते. विद्यापीठाच्या आस्थापना विभागात अनेक वर्षे सेवापुस्तके हाताळून निवृत्त झालेला कर्मचारी या नात्याने त्याविषयी लिहिणे मला आवश्यक वाटते.

निवृत्ती जवळ आली की सेवापुस्तक वेतनपडताळणीला जाते आणि तेथे आक्षेप निघतो. पंधरा-वीस वर्षांपूर्वीची वेतननिश्चिती चुकली होती, कालबद्ध पदोन्नतीचा दिनांक चुकीचा धरला गेला, किंवा एक वेतनवाढ जादा दिली गेली, असे त्यात म्हटलेले असते. मग त्या जुन्या दिनांकापासूनच्या ‘अतिप्रदाना’चा, म्हणजे जादा दिल्या गेलेल्या रकमेचा, हिशेब मांडून ती रक्कम उपदानातून, म्हणजे ग्रॅच्युइटीतून, वळती करण्याचे पत्र निघते. ज्या टिपणीवरून ती वेतननिश्चिती झाली, ती कार्यालयाने मांडलेली आणि अधिकाऱ्यांनी मंजूर केलेली असते. कर्मचाऱ्याचा त्यात काहीही हात नसतो. शिक्षकेतर कर्मचाऱ्यांच्या बाबतीत तर शासनाने ७ डिसेंबर २०१८ रोजी आश्वासित प्रगती योजनेचे, म्हणजे पदोन्नती न मिळालेल्या कर्मचाऱ्याला ठरावीक वर्षांनी वरची वेतनश्रेणी देणाऱ्या योजनेचे, आधीचे निर्णयच रद्द केले, त्यामुळे शासनाच्याच आदेशाने मिळालेला लाभ मागाहून आक्षेपार्ह ठरला.

याबाबत कायदा अस्पष्ट आहे असे नाही. पंजाब राज्य विरुद्ध रफिक मसीह या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १८ डिसेंबर २०१४ रोजी स्पष्ट केले की, वर्ग तीन व वर्ग चारच्या कर्मचाऱ्यांकडून, निवृत्त झालेल्या किंवा वर्षभरात निवृत्त होणाऱ्या कर्मचाऱ्यांकडून, तसेच जादा रक्कम पाच वर्षांहून अधिक काळ दिली गेली असल्यास, वसुली करता येणार नाही. विद्यापीठातला निवृत्त लिपिक बहुधा या तिन्ही कसोट्यांत बसतो. तरीही वसुलीची पत्रे निघतात, आणि मग ज्याला वकिलाची फी परवडते त्याची रक्कम परत मिळते, ज्याला परवडत नाही त्याची मिळत नाही. माझ्या मते यातला सर्वांत मोठा अन्याय हाच आहे.

कार्यालयांच्या हाती यावर एक उत्तर असते, ते म्हणजे वचनपत्र. वेतन आयोग लागू होताना ‘जादा प्रदान झाल्यास परत करीन’ अशा छापील मजकुरावर कर्मचाऱ्यांच्या सह्या घेतल्या जातात, आणि अशा वचनपत्राच्या आधारे वसुली करता येते असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने २०१६ मध्ये जगदेव सिंग यांच्या प्रकरणात दिला, हे खरे आहे. मात्र ते प्रकरण एका न्यायिक अधिकाऱ्याचे होते. सुधारित वेतन हवे असेल तर सही करण्यावाचून ज्याला गत्यंतर नाही, अशा शिपायाला वा लिपिकाला त्याच मापाने मोजणे मला न्याय्य वाटत नाही. अशा कित्येक सह्या मी स्वतः माझ्या टेबलावर घेतल्या आहेत. त्या कागदाचा अर्थ विचारणारा क्वचितच कोणी भेटला, आणि आम्हीही तो कोणाला समजावून सांगितला नाही. २०२२ मध्ये थॉमस डॅनियल या केरळमधील निवृत्त शिक्षकाच्या प्रकरणात, कर्मचाऱ्याने कोणतीही खोटी माहिती दिलेली नसताना वसुली करता येत नाही, असे न्यायालयाने पुन्हा सांगितले आहे.

चूक तशीच चालू ठेवावी असे माझे म्हणणे नाही. वेतननिश्चिती खरोखर चुकली असेल, तर कर्मचाऱ्याचे म्हणणे ऐकून पुढचे निवृत्तिवेतन दुरुस्त करावे. पण पेन्शन ही मेहेरबानी नव्हे, हे डी. एस. नकारा विरुद्ध भारत सरकार या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयात १९८२ सालीच ठरले आहे, आणि पेन्शन व ग्रॅच्युइटी ही राज्यघटनेच्या अनुच्छेद ३००-अ अन्वये मालमत्ता आहे, हे झारखंड राज्याच्या प्रकरणात २०१३ मध्ये ठरले आहे. कायद्याच्या अधिकाराशिवाय त्या रकमेला हात लावता येत नाही.

म्हणून उच्च शिक्षण विभागाला माझी विनंती आहे की, प्रत्येक वेतननिश्चितीची पडताळणी ती झाल्यापासून दोन वर्षांच्या आत करण्याचे बंधन विद्यापीठांवर आणि पडताळणी करणाऱ्या कार्यालयांवर घालावे. महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, १९८२ नुसार निवृत्तिवेतनाची कागदपत्रे तयार करण्याचे काम निवृत्तीच्या दोन वर्षे आधी सुरू व्हायला हवे. ते प्रत्यक्षात केव्हा सुरू झाले, याची नोंद प्रत्येक प्रकरणात ठेवावी आणि विलंब झाल्यास देय असलेले व्याज मागणीची वाट न पाहता द्यावे. रफिक मसीह निर्णयाच्या कक्षेत येणाऱ्या ज्या कर्मचाऱ्यांच्या ग्रॅच्युइटीतून रकमा आधीच कापल्या गेल्या आहेत, त्यांना त्या याचिका दाखल करायला न लावता परत कराव्यात. यातील कित्येकांनी सत्तरी ओलांडली आहे आणि काहींच्या पश्चात आता त्यांच्या पत्नी कुटुंबनिवृत्तिवेतनावर आहेत. त्यांची नावे व कापलेल्या रकमा विद्यापीठांच्याच नोंदींत आहेत.

आपला विश्वासू,
एक निवृत्त विद्यापीठ कर्मचारी