निकाल ठरलेला असला, तरी आपटणे खरेच!

मा. संपादक,
स.न.वि.वि.

अमेरिकेतल्या व्यावसायिक कुस्तीचा विषय निघाला की ‘ते सगळं नाटक’ म्हणून आपण मोकळे होतो. निकाल आधी ठरतो, हे कबूल. पण रिंगणात खाली लोखंडी तुळया, त्यावर लाकडी फळ्या, वर पातळ फोम आणि ताणलेलं कॅनव्हास असतं. गादी म्हणावी असं तिथे काही नाही.

पाठीवर पडायचं म्हणजे हनुवटी छातीला चिकटवायची, श्वास सोडायचा, पाठीचा वरचा भाग सपाट टेकवायचा आणि त्याच क्षणी दोन्ही हात आपटायचे, म्हणजे मार विभागला जातो. कोपर आधी टेकलं की खांदा जातो. हनुवटी सुटली की डोकं आपटतं. बिनचूक पडलं तरी मानेला हिसका बसतोच, आणि हे वर्षानुवर्षं चालतं. मणक्यांमधली चकती झिजते, नस दाबली जाते, हाताला मुंग्या येतात, पकड सुटते. शस्त्रक्रियेत दोन मणके जोडले, तर शेजारच्या चकतीवर जादा भार येतो. स्टीव्ह ऑस्टिन हा मल्ल १९९७ मध्ये डोक्यावर आपटला आणि मानेचं दुखणं घेऊनच २००३ मध्ये थांबला. ‘एज’ नावाच्या मल्लाला २०११ मध्ये मानेपायीच निवृत्त व्हावं लागलं. तो २०२० मध्ये परतला, पण असं नशीब फार थोड्यांचं.

औषधांचं गणित याहून वाईट. वेदनाशामक गोळ्यांची सवय झाली की मात्रा वाढते. जोडीला स्नायू सैल करणारी गोळी, झोपेची गोळी, वर दारू. या सगळ्यांनी श्वास मंदावतो, आणि झोपेत तो थांबूही शकतो. स्नायू फुगवायला घेतलेल्या स्टेरॉइडने हृदयाची भिंत जाड होते, ते वेगळंच. मल्ल एडी गरेरो २००५ मध्ये ३८व्या वर्षी हृदयविकाराने गेला, त्यानंतर २००६ मध्ये डब्ल्यूडब्ल्यूई या कुस्ती भरवणाऱ्या मोठ्या कंपनीने औषधचाचण्या सुरू केल्या. डोक्यावर खुर्ची मारण्यावर बंदी यायला तर २०१० उजाडलं!

चाचणीत गोळी सापडते, दाबलेली नस सापडत नाही. ती मल्लाने स्वतःच सांगावी लागते. पण तो कागदोपत्री नोकर नसून स्वतंत्र कंत्राटदार असतो. लढती भरवणाऱ्या लहान प्रवर्तकांकडे लढत नाही तर पैसे नाहीत. मोठ्या कंपनीत किमान रक्कम ठरलेली असली, तरी जागा दुसऱ्याला जाण्याची धास्ती असतेच. दुखापतीच्या काळात मोबदला आणि जागा दोन्ही राखण्याची अट करारात हवी. नाहीतर हात बधिर झाला तरी तो मनगटाला पट्टी गुंडाळून रिंगणात उतरणारच.

आपला,
एक वाचक