येवगेनी लिओनोव यांच्या शताब्दीची दखल घ्यावी

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या रविवार पुरवणीत रशियन चित्रपटांविषयी अधूनमधून लेख येतात आणि ते मी आवर्जून वाचते; मात्र त्यांत दिग्दर्शकांखेरीज कुणाचे नाव क्वचितच असते. आयझेनस्टाइन आणि तारकोव्हस्की यांच्यावर लिहिले जावे याबद्दल दुमत नाही. तरीही ज्या नटाचा आवाज रशियन घरांत एखाद्या मामा-काकाच्या आवाजासारखा ओळखीचा झाला, त्या येवगेनी लिओनोव यांच्यावर मराठीत काही वाचल्याचे मला स्मरत नाही. त्यांचा जन्म मॉस्कोतला, २ सप्टेंबर १९२६ चा. २०२६ हे त्यांच्या जन्मशताब्दीचे वर्ष, म्हणून हा पत्रप्रपंच.

लिओनोव यांना नायकाचे रूप नव्हते. अंगाने स्थूल, चेहरा गोल, डोक्यावर केस विरळ आणि आवाज घोगरा. युद्धकाळात ते विमानांच्या कारखान्यात लेथवर उमेदवारी करत होते, नाट्यशिक्षण त्यानंतरचे. स्तानिस्लावस्की नाट्यगृहात त्यांना मिखाईल यान्शिन हे गुरू लाभले. बुल्गाकोव यांच्या तुर्बिन कुटुंबावरील नाटकातला लारिओसिक यान्शिन यांनी १९२६ सालीच मॉस्को आर्ट थिएटरमध्ये गाजवला होता आणि पुढे तीच भूमिका या शिष्याच्या वाट्याला आली. गुरूने नावारूपाला आणलेली भूमिका त्याच्याच नजरेसमोर उभी करण्याचे दडपण केवढे असते, हे संगीत नाटकांवर वाढलेल्या आपल्या रसिकांना वेगळे सांगायला नको.

चित्रपटात त्यांना घराघरात पोहोचवले ते १९६१ सालच्या एका विनोदी चित्रपटाने. मायदेशी परतण्यासाठी जहाजावर जागा मिळावी म्हणून वाघांना शिकवणारा असल्याची बतावणी करणारा आचारी त्यांनी त्यात साकारला आणि टबात आंघोळ करताना वाघ समोर आल्यावर उडालेली त्यांची गाळण आजही रशियन प्रेक्षक हसत हसत सांगतात. एखाद्या नटाच्या कपाळी विदूषकाचा शिक्का कायमचा बसायला एवढे पुरे होते. पण त्याच चित्रपटाचे दिग्दर्शक व्लादिमीर फेतिन यांनी १९६४ साली शोलोखोव यांच्या कथांवरील ‘दोनची कथा’ (दोन हे रशियातल्या नदीचे नाव) या चित्रपटात त्यांना याकोव शिबालोक केले. यादवी युद्धातला हा साधा कॉसॅक सैनिक आपल्या मुलाच्या आईने शत्रूला खबर दिल्याचे कळल्यावर तिला गोळी घालतो आणि तान्हे मूल छातीशी धरून वणवण करतो. चेहरा तोच, गोल आणि भाबडा. पण ते डोळे पाहताना हसू आठवतसुद्धा नाही. या भूमिकेसाठी १९६५ साली दिल्लीच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात लिओनोव यांचा गौरव झाला होता. आपल्याच देशात झालेला हा सन्मान आपण विसरावा, याची मला खंत वाटते.

त्यानंतरचा प्रवास एका पत्रात मावणारा नाही. ‘बेलोरुस्की स्थानक’ (१९७०) मध्ये ते युद्धातल्या सोबत्याच्या अंत्यविधीनंतर जुन्या साथीदारांबरोबर शहरभर फिरणारे कारागीर आहेत. पुढे एका चित्रपटात बोनस नाकारणारे बांधकाम मुकादम पोतापोव होऊन ते एकाच खोलीतल्या बैठकीत, दोन वह्यांतल्या हिशेबांच्या आधारे, वरिष्ठांना निरुत्तर करतात. दिग्दर्शक गिओर्गी दानेलिया यांनी तर १९६५ पासून आपल्या बहुतेक चित्रपटांत त्यांना घेतले. त्यांच्या ‘शरद मॅरेथॉन’ (१९७९) मध्ये लिओनोव शेजारी म्हणून व्होडका घेऊन येतात. घरी आलेला डॅनिश प्राध्यापक आणि भिडस्त यजमान यांच्यामध्ये ते ऐसपैस बसतात, ज्याच्या नावाने प्याला उचलला त्याने तो रिकामा केलाच पाहिजे असा दंडक घालून देतात आणि मग तृप्त होऊन म्हणतात, ‘छान बसलोय!’ हे दोन शब्द रशियन बोलीत रुळले. प्रसंग छोटा, भूमिकाही छोटी. पण दुसऱ्याचा वेळ आपण खातो आहोत याची तिळमात्र जाणीव नसलेला, आणि तरीही राग येऊ न देणारा माणूस त्यांनी असा काही उभा केला आहे की, माझ्या मते चरित्र अभिनय म्हणजे काय हे शिकवायला एवढा एक प्रसंग पुरेसा आहे.

मी पुण्यात अनेक वर्षे रशियन भाषा शिकवली. वर्गात फ्योदोर खित्रुक यांचे ‘विन्नी-पूख’चे (म्हणजे ‘विनी द पू’चे) व्यंगपट लावले की, व्याकरणाने कंटाळलेली मुले सावरून बसत. त्यातल्या अस्वलाचा आवाज लिओनोव यांचा. ध्वनिमुद्रण काहीसे वेगवान करून तो लाडिक केलेला आहे, पण खालची घोगरी जात लपत नाही. तो आवाज ओळखीचा झाल्यावर मी मुलांना ‘दोनची कथा’मधला उतारा ऐकवत असे. दोन्ही आवाज एकाच माणसाचे आहेत, हे पटायला त्यांना बराच वेळ लागे.

अखेरची वर्षे त्यांनी हृदयविकाराशी झगडत, पण रंगभूमीवरच काढली. १९८८ साली जर्मनीच्या दौऱ्यात ते मरणाच्या दारातून परत आले आणि पुन्हा उभे राहून त्यांनी लेनकॉम नाट्यगृहात तेव्ये हा गरीब दूधवाला रंगवला. २९ जानेवारी १९९४ रोजी त्याच नाटकाच्या प्रयोगाला निघताना त्यांचे निधन झाले. प्रयोग रद्द झाल्याचे सांगितल्यावर कुणीही तिकीट परत केले नाही, लोक मेणबत्त्या घेऊन नाट्यगृहापाशी उभे राहिले, असे मॉस्कोत सांगतात.

आपल्या पुरवणीने शताब्दीनिमित्त त्यांच्यावर एक सविस्तर लेख द्यावा आणि पुण्या-मुंबईच्या फिल्म सोसायट्यांनी ‘दोनची कथा’चा एक तरी खेळ लावावा, अशी विनंती आहे. संवादांच्या मराठी भाषांतराची गरज पडल्यास ते काम मी आनंदाने करीन.

आपली,
एक निवृत्त रशियन शिक्षिका, पुणे