१४ डिसेंबर : अय्यंगार गुरुजींच्या जयंतीचा वर्ग

सर्व सभासदांना नमस्कार.

येत्या १४ डिसेंबरला योगगुरू बी. के. एस. अय्यंगार गुरुजींची जयंती. सकाळचा योगवर्ग नेहमीच्या वेळी सुरू होईल, पण अर्धा तास जास्त चालेल.

१९१८ साली कर्नाटकातल्या बेल्लूरला जन्मलेले, लहानपणी आजारांनी खंगलेले गुरुजी १९३७ मध्ये पुण्यात शिकवायला आले आणि २०१४ मध्ये निधन होईपर्यंत पुण्याचेच राहिले. आपले पट्टे, लाकडी ठोकळे, भिंतीवरचे दोर ही त्यांचीच देणगी. ज्याचा हात जमिनीला पोचत नाही त्यालाही त्रिकोणासन नीट करता यावं, ही त्यामागची कळकळ. त्या दिवशी हाताखाली ठोकळा घेऊन तेच सावकाश करू.

पोट रिकामं ठेवून या, सुती चादर आणा. गुडघे-कंबर दुखत असेल तर शिक्षकांना आधी सांगा.